किनकाकांचं हसू

सिनेमा संपायला पाच-सात मिनिटं उरली आहेत. कृष्णधवल पडद्यावर एक अंगण. अंगणात पायघोळ झग्यातला, ताठ कण्याचा एक गुरू उभा आहे आणि त्याच्यासमोर, बाह्या मागे सारत, एक भुवई वर चढवून दुसरा एक माणूस. हा दुसरा माणूस गेला तासभर सगळ्या गावाला छळतो आहे. कुणाचं दुकान बळकावलंय, कुणाची मुलगी पळवलीय, गुरूच्या एका भोळ्या चेल्याला भर बाजारात बुकलून काढलंय. आता हिशेब चुकता व्हायची वेळ आली, हे थिएटरातल्या शेवटच्या रांगेपर्यंत सगळ्यांना कळलंय. त्यालाही कळलंय. तरी तो हसतो. आधी घशातल्या घशात, मग खांदे हलवत, मग मान मागे टाकून. मग मारामारी होते, तो हरतो, धुळीत गुडघे टेकतो. गुरू उगारलेला हात खाली घेतो. ज्याच्या हातात विद्या आहे त्याने ती दुबळ्यांवर चालवू नये, एवढं सांगतो आणि त्याला जाऊ देतो.

थोड्या दिवसांनी नवा सिनेमा लागतो. गुरू तोच. समोरचा माणूसही तोच. नाव वेगळं, मिशीची ठेवण वेगळी. पुन्हा कुणाचं तरी दुकान, कुणाची तरी मुलगी, आणि पुन्हा ते हसू.

हाँगकाँगमध्ये १९४९ साली सुरू झालेला हा प्रकार पुढची वीसएक वर्षं चालला. गुरू म्हणजे वाँग फेइ-हुंग. ती भूमिका करायचे क्वान ताक-हिंग. आणि दर खेपेला गुडघे टेकणारे ते शेक किन. त्यांचं खरं नाव शेक विंग-च्युंग. ‘शेक’ म्हणजे दगड आणि ‘किन’ म्हणजे टणक, पक्का. लोकांनी मात्र त्यांना तिसरंच नाव दिलं : ‘गान यान किन’, म्हणजे ‘खलपुरुष किन’. कँटोनीज बोलीत ते जिभेवर इतकं सहज बसतं, की घरोघरी तेच रूढ झालं. स्टुडिओतली, त्यांना जवळून ओळखणारी माणसं त्यांना ‘किनकाका’ म्हणत. ही दोन्ही नावं एकाच माणसाची होती आणि दोन्ही खरी होती.

आपल्याकडच्या प्रेक्षकाला त्यांचं नाव बहुधा सांगता येणार नाही. पण ‘एंटर द ड्रॅगन’मधला लोखंडी पंजावाला म्हातारा म्हटलं, की व्हिडिओ पार्लरच्या दिवसांत वाढलेल्या कुणाच्याही डोळ्यांपुढे तो चेहरा उभा राहतो. आरशांच्या खोलीत ब्रूस लीच्या छातीवर ओरखडे काढणारा तो माणूस. त्या सिनेमाच्या वेळी शेक किन साठ वर्षांचे होते आणि त्यांच्या मागे तीन दशकांहून जास्त काळाचं काम होतं. जगाने त्यांना पाहिलं ते असं, कहाणी बरीच पुढे गेल्यावर.

त्यांचा जन्म १ जानेवारी १९१३ चा. घराणं दक्षिण चीनमधल्या ग्वांगदोंग प्रांतातलं, पान्यू भागातलं. वडील लवकर गेले. सावत्र आईने वाढवलं. नऊ वर्षं ते जिंगवू संस्थेत युद्धकला शिकले आणि शिकवण्याचा परवाना मिळालेल्या पहिल्या तुकडीत होते. हा तपशील ओलांडून पुढे जाण्यासारखा नाही. १९१० च्या सुमारास शांघायमध्ये उस्ताद हुओ युआनजिया यांच्या नावाभोवती उभी राहिलेली जिंगवू ही चीनमधल्या कुंग-फूच्या इतिहासातली फार मोठी घडामोड होती. तोवर प्रत्येक घराण्याची विद्या त्या घराण्याच्या चार भिंतींत असायची. बाप मुलाला द्यायचा, गुरू निवडक चेल्यांना द्यायचा आणि एखादा डाव तर कुणालाच न देता बरोबर घेऊन जायचा. जिंगवूने निरनिराळ्या घराण्यांचे उस्ताद एका छताखाली आणले, अभ्यासक्रम आखला, वर्ग भरवले, मुलींनाही शिकवलं. पुढे तिच्या शाखा दक्षिण चीनमध्ये आणि आग्नेय आशियातल्या चिनी वस्त्यांमध्ये निघाल्या. त्या शिस्तीत शेक किन घडले. गरुडपंजाची बोटं, उत्तरेकडच्या पद्धतीच्या लांबलचक लाथा, निरनिराळी शस्त्रं, हे सगळं त्यांनी सिनेमात येण्याआधी रीतसर कमावलेलं होतं.

१९७२ साली ब्रूस लीचा ‘फिस्ट ऑफ फ्युरी’ आला. त्याचा नायक याच जिंगवूचा, हुओ युआनजियांचा शिष्य दाखवलाय. ब्रूस ली पडद्यावर जिंगवूचा विद्यार्थी झाला आणि पुढच्याच वर्षी त्याच्यासमोर खलनायक म्हणून जो म्हातारा उभा राहिला, तो जिंगवूत खरोखर शिकलेला होता.

सिनेमात मात्र ते मारामारीसाठी आले नव्हते. १९४० मध्ये रंगभूषेच्या खात्यात उमेदवार म्हणून लागले. दुसऱ्यांचे चेहरे रंगवायचे, मिशा चिकटवायच्या, भुवया कोरायच्या. त्याच वर्षी कॅमेऱ्यासमोर पहिलं लहानसं काम मिळालं. पुढे तीनशेहून अधिक सिनेमांत कामं केली, पण त्यांच्या अभिनयात रंगपटातली ही उमेदवारी शेवटपर्यंत दिसत राहिली, असं त्यांचे जुने सिनेमे बघताना वाटतं. चिनी संगीत नाटकात चेहऱ्याचा रंग माणूस सांगतो. लाल चेहरा निष्ठावंताचा, म्हणून सेनापती ग्वान यू लाल. पांढराफटक चेहरा कपट्याचा, म्हणून त्साव त्साव पांढरा. प्रेक्षक पात्राच्या तोंडचं पहिलं वाक्य ऐकण्याआधीच त्याला ओळखून मोकळा होतो. कृष्णधवल सिनेमात ही सोय उरली नाही. तिथे लाल काळा दिसतो आणि पांढरा सगळ्यांचाच सारखा. मग जे काम रंगाने व्हायचं ते स्नायूंनी करावं लागलं. शेक किन यांची डावी-उजवी भुवई स्वतंत्र चालायची. ओठाचा एक कोपरा खाली गेला, की समोरच्याचं काहीतरी वाईट होणार हे ठरलेलं. कुंचल्याने हजारदा काढलेली रेघ त्यांनी स्वतःच्या चेहऱ्याला शिकवली होती.

आता १९४९ कडे. त्या वर्षी चीनमध्ये सत्तांतर झालं आणि माणसांचे लोंढे हाँगकाँगकडे आले. महायुद्ध संपलं तेव्हा तिथे साधारण सहा लाख लोक होते. १९५० नंतर लवकरच ती संख्या वीस लाखांवर गेली. डोंगरउतारावर झोपड्या, एका खोलीत तीन कुटुंबं, आणि मागे राहिलेलं गाव. या लोकांना वाँग फेइ-हुंग हे नाव नवं नव्हतं. कँटनमध्ये ‘पो ची लाम’ नावाचा दवाखाना चालवणारा, हाडं बसवणारा, सिंहनृत्यात निष्णात असलेला हा खराखुरा वैद्य-उस्ताद १९२० च्या दशकाच्या मध्यात वारला होता. त्याची विधवा मोक क्वाइ-लान हाँगकाँगमध्येच राहत होती. त्याच्या शिष्याचे शिष्य तालमी चालवत होते आणि त्यांच्यापैकीच एकाने, च्यू यू-चाय यांनी, त्याच्या कथा वर्तमानपत्रांतून लिहिल्या होत्या. दिग्दर्शक वू पांग यांनी त्यावरून सिनेमा काढायचं ठरवलं. नायक म्हणून संगीत नाटकातले नट क्वान ताक-हिंग आले. जपानविरुद्धच्या युद्धात खेळ करून निधी जमवणारा ‘देशभक्त नट’ अशी त्यांची ख्याती. आणि खलनायक शेक किन.

पहिलाच सिनेमा चालला आणि मग धरणाचं दार उघडावं तसं झालं. क्वान यांनी वाँग फेइ-हुंगची भूमिका पाऊणशेहून जास्त सिनेमांत केली. एकट्या १९५६ या वर्षात या मालिकेतले पंचवीस सिनेमे आले. कँटोनीज सिनेमाच्या धंद्यात तेव्हा ‘सात दिवसांचा ताजा’ असा शब्दच होता : सोमवारी मुहूर्त, रविवारी चित्रीकरण पूर्ण. अशा घाईत पटकथा कसली आणि तालीम कसली! सिंहनृत्याची स्पर्धा, ड्रॅगनच्या तोंडाच्या होड्यांची शर्यत, सणातली एखादी झुंज, असं काहीतरी निमित्त शोधायचं आणि बाकी नटांच्या भरवशावर सोडायचं. त्या भरवशाचा निम्मा भार शेक किन यांच्यावर असायचा. नायकाला फार काही करावं लागत नव्हतं. तो शांत, सभ्य, सहनशील. गोष्ट पुढे ढकलायची ती खलनायकाने. त्याने काही आगळीक केल्याशिवाय वाँग फेइ-हुंग आपला दवाखाना सोडून बाहेरच पडत नसे.

या सिनेमांचा दावा होता, की इथली मारामारी खरी आहे. त्याआधीच्या तलवारबाजीच्या सिनेमांत वीर तारांवरून उडायचे आणि बोटांतून निघणारे किरण फिल्मवर हाताने रंगवलेले असायचे. वू पांग यांनी खऱ्या तालमींमधून माणसं आणली. वाँग फेइ-हुंगचा नामांकित शिष्य लाम साइ-विंग. त्याचा शिष्य लाउ चाम या सिनेमांत आपल्या गुरूचीच भूमिका करायचा. लाउ चामचा मुलगा लाउ कार-लियुंग इथेच किरकोळ कामं करत आणि मारामाऱ्या बसवत मोठा झाला, आणि १९७८ मध्ये त्याने ‘द थर्टी-सिक्स्थ चेंबर ऑफ शाओलिन’ दिग्दर्शित केला. गर्दीत युएन सिउ-तिएन नावाचे एक सडपातळ नट असायचे. त्यांचा मुलगा युएन वू-पिंग याने पुढे हॉलीवूडच्या ‘द मेट्रिक्स’मधल्या मारामाऱ्या बसवल्या. म्हणजे पन्नासच्या दशकातल्या त्या स्वस्त, घाईच्या, सात दिवसांच्या सिनेमांत पुढच्या अर्ध्या शतकाची शाळा भरत होती. आणि त्या शाळेत सगळ्यात जास्त तास ज्यांनी घेतले त्यांत शेक किन यांचं नाव घालायला हवं, कारण सगळे मारायला शिकत होते ते त्यांच्याच अंगावर.

मार खाणं ही स्वतंत्र विद्या आहे. पडद्यावरची मारामारी लुटुपुटूची असते हे पोरालाही माहीत असतं. तरी ती खरी वाटते, कारण मार बसलाय हे मारणारा सांगतच नाही. ज्याला बसतो तो सांगतो. लाथ हनुवटीपासून वीतभर लांबून जाते. ती लाथ किती जोराची होती, हे त्यानंतरच्या पाव सेकंदात समोरच्याची मान किती वळते, पाय आधी सुटतात की खांदा, तो मागे पडतो की फिरून पडतो यावरून ठरतं. मान आधी वळली तर सगळं खोटं. उशिरा वळली तरी खोटं. शिवाय पडणाऱ्याला स्वतःचा तोल पुरता कळलेला हवा, कारण तो जाण्याचं नाटक करायचंय आणि खाली सिमेंट आहे. जो खरोखर लढू शकतो त्यालाच पटेल असं हरता येतं. क्वान यांची पद्धत दक्षिणेची : पाय जमिनीत रोवलेले, हात आखूड आणि जड. शेक किन उत्तरेच्या पद्धतीचे : पल्लेदार, फिरते, उंच लाथांचे. त्यामुळे समोरासमोर उभे राहिले, की नुसत्या उभं राहण्यातच दोन स्वभाव दिसायचे. एक झाड, एक वारा. आणि वारा शेवटी झाडापाशी येऊन निवायचा.

या हरण्यात आणखी एक गोष्ट होती. वाँग फेइ-हुंगच्या सिनेमांचा आत्मा म्हणजे युद्धकलेची नीती : आधी समजावणं, मग सोसणं, अगदीच इलाज उरला नाही तर हात उचलणं आणि जिंकल्यावर क्षमा करणं. ही क्षमा पोकळ वाटू नये असं वाटत असेल, तर क्षमा घेणारा त्या तोलाचा हवा. शेक किन यांचा दुष्ट माणूस गुडघे टेकायचा तेव्हा त्याच्या चेहऱ्यावर दीड तास न दिसलेलं काहीतरी उमटायचं. ती शरमही असेल, दमणूकही असेल. भुवया प्रथमच एका रेषेत यायच्या. पुष्कळदा तो कँटोनीज शेजारी वाटायचा, आपल्याच गल्लीतला, पैशापायी वाट चुकलेला. निर्वासितांनी भरलेल्या त्या थिएटरांत त्याला मारून टाकण्यापेक्षा त्याला सुधारलेला बघणं लोकांना हवं होतं, आणि ते सुधारणं पटवून देण्याचं काम क्वान यांच्या उपदेशाने जितकं केलं तितकंच शेक किन यांच्या त्या खाली गेलेल्या नजरेनेही. मालिकेचं श्रेय नेहमी क्वान यांच्या नावावर जमा होतं. त्यात काही चूक नाही. पण हिशेब अर्धा राहतो.

ते फक्त या मालिकेत नव्हते. चो तात-वा, यू सो-चाउ यांच्या तलवारबाजीच्या सिनेमांत, पुढे साठच्या दशकातल्या तरुण नायिकांच्या साहसकथांत, जिथे जिथे गुहेत बसून कारस्थान करणारा कुणी लागे तिथे तिथे शेक किन. कँटोनीज सिनेमांचा वार्षिक आकडा साठच्या दशकाच्या सुरुवातीला दोनशेच्या घरात गेला होता. मग तो कोसळला. शॉ ब्रदर्सचे रंगीत, भपकेबाज, मँडरिन भाषेतले सिनेमे आले. टीव्हीबी ही वाहिनी १९६७ मध्ये सुरू झाली आणि लोक घरात बसू लागले. १९७२ या वर्षात हाँगकाँगमध्ये एकही कँटोनीज सिनेमा निघाला नाही. जिथे बहुसंख्य लोक कँटोनीज बोलतात त्या शहरात! ज्या बोलीत ‘गान यान किन’ हे नाव जन्मलं, त्या बोलीला पडद्यावर जागा उरली नव्हती. शेक किन तेव्हा एकोणसाठ वर्षांचे होते.

नेमक्या अशा वेळी वॉर्नर ब्रदर्सने हाँगकाँगच्या गोल्डन हार्वेस्ट कंपनीच्या आणि ब्रूस लीच्या साथीने इंग्रजी सिनेमा करायचा ठरवला, तोच ‘एंटर द ड्रॅगन’. खर्च सुमारे साडेआठ लाख डॉलर, हॉलीवूडच्या मानाने किरकोळ. दिग्दर्शक रॉबर्ट क्लाउस. चित्रीकरण १९७३ च्या सुरुवातीचे महिने, हाँगकाँगमध्येच. खलनायक हान : शाओलिन मठाला काळिमा फासलेला एक माजी शिष्य, स्वतःच्या बेटावर अफूचा आणि मुलींचा धंदा करणारा, एका हाताच्या जागी पंजे बदलून बसवणारा. यासाठी शेक किन यांची निवड झाली, आणि ती एका अर्थी हाँगकाँगच्या प्रेक्षकांसाठी होती. ब्रूस ली या शहराचा नवा नायक. त्याच्यासमोर शहराचा सर्वांत जुना खलनायक उभा राहिला, की कुणाला काही समजावून सांगावं लागत नव्हतं. ब्रूस ली नाटकवाल्यांच्या घरातला; वडील ली होइ-च्युएन कँटोनीज संगीत नाटकातले नट, आणि तो स्वतः लहानपणी याच सिनेसृष्टीत बालनट होता. गल्लीतल्या मोठ्या काकांना आदराने वागवावं तसा त्याचा आणि शेक किन यांचा वयाचा फरक. एक बत्तीस, एक साठ.

अडचण भाषेची होती. शेक किन यांना इंग्रजी येत नव्हतं. त्यांनी वाक्यं ओठांच्या हालचालींसाठी पाठ केली आणि कॅमेऱ्यासमोर म्हटली. नंतर त्यावर दुसऱ्याचा आवाज चढवला गेला. तो आवाज की लूक यांचा. हे चिनी-अमेरिकन नट १९०४ मध्ये कँटनमध्येच जन्मले आणि अमेरिकेत सिअॅटलला वाढले. तीसच्या दशकात चार्ली चॅन या पडद्यावरच्या गुप्तहेराच्या सिनेमांत त्याचा थोरला मुलगा झाले. १९४० मध्ये ‘द ग्रीन हॉर्नेट’ या चित्रमालिकेत त्यांनी काटो या साथीदाराची भूमिका केली. आणि १९६६ मध्ये टीव्हीवर तोच काटो करून ब्रूस ली अमेरिकेला माहीत झाला. म्हणजे आरशांच्या त्या खोलीत नव्या काटोसमोर जुन्या काटोचा आवाज बोलत होता आणि देह होता किनकाकांचा. श्रेयनामावलीत नावही ‘शिह किएन’ असं आलं, ते मँडरिन उच्चारातलं. त्यांच्या बोलीतलं नाव गेलं, आवाज गेला. मागे उरला तो त्यांचा चेहरा आणि त्यांचं चालणं.

की लूक यांचा आवाज खोल, संथ, घोटीव आहे आणि त्यांनी काम चोख केलंय. त्या आवाजाने हानला एक थंडपणा दिला. पण कँटोनीज सिनेमांत शेक किन यांना ज्यांनी ऐकलंय त्यांना हे बघताना काहीतरी चुकल्यासारखं होतं. वीस वर्षं एका शहराला ज्या हसण्याने अंगावर काटा आणला, ते त्यांच्या सर्वांत प्रसिद्ध सिनेमात नाही. जगभरातल्या कोट्यवधी लोकांनी त्यांना पाहिलं. ऐकलं कुणीच नाही.

आणि तरीही जे उरलं त्यात त्यांनी काय केलंय ते बघण्यासारखं आहे. एका प्रसंगात हान रोपर या अमेरिकन पाहुण्याला आपलं खासगी संग्रहालय दाखवायला नेतो. हातात पांढरी मांजर. चालता चालता तो ती मांजर गिलोटिनच्या पात्याखाली ठेवतो आणि पाहुण्याला दोरी ओढायचं आमंत्रण देतो. या सगळ्यात शेक किन काहीच ‘करत’ नाहीत. वाँग फेइ-हुंगच्या काळातला तो चढा अभिनय, ते खांदे, ती मान, सगळं बाजूला ठेवलंय. हात फक्त मांजरीच्या पाठीवरून फिरतो, सावकाश, जणू घरातलं लाडकं जनावर. पाहुणा मांजर उचलून घेतो तेव्हा चेहऱ्यावर राग नाही. एक नोंद घेतल्याची खूण तेवढी आहे. रंगपटापासून इथवरचा सगळा प्रवास त्या न हललेल्या भुवईत मावलाय.

मग आरसे. ब्रूस ली खोलीत शिरतो आणि हान दहा ठिकाणी दिसतो. कुठला खरा? पंज्याची पाती कुठूनतरी येते, छातीवर रेघ उमटते, आणि मारणारा पुन्हा दहा ठिकाणी. साठीतल्या नटाकडून ब्रूस लीच्या वेगाची अपेक्षा करता येणार नव्हती. इथे वेगाची गरजच उरली नाही. गरज होती ती स्थिर उभं राहण्याची, अशी नजर ठेवण्याची की प्रतिबिंबसुद्धा धोक्याचं वाटावं. ते त्यांना येत होतं. शेवटी नायकाला गुरूचे शब्द आठवतात, तो एकेक आरसा फोडत सुटतो, आणि एका लाथेने हान फिरत्या दारात रुतून बसलेल्या भाल्यावर जाऊन अडकतो. दार फिरत राहतं.

इथे क्षमा नाही. वाँग फेइ-हुंगच्या अंगणात हात खाली यायचा. इथे भाला आरपार जातो. हॉलीवूडला खलनायक संपवायचा होता, त्याला परत घरी पाठवायचं नव्हतं. दोन सिनेसृष्टी दुष्ट माणसाकडे कशा बघतात, हे एकाच नटाच्या दोन शेवटांत दिसतं. ‘एंटर द ड्रॅगन’ हा उत्तम साहसपट आहे; २००४ मध्ये अमेरिकेने त्याला आपल्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत जागा दिली ती योग्यच. पण शेक किन यांच्यातल्या नटाला जास्त वाव त्या गरीब, सात दिवसांच्या सिनेमांनी दिला होता.

२० जुलै १९७३ रोजी ब्रूस ली वारला. सिनेमा प्रदर्शित व्हायला महिनाभर उरला होता. ज्याला त्याने पडद्यावर मारलं, तो माणूस त्याच्यानंतर पस्तीस वर्षं आणि दहा महिने जगला, आणि त्यातली वीसएक वर्षं काम करत राहिला.

या उत्तरकाळात त्यांना दुष्टपणातून सुटका मिळाली. कँटोनीज सिनेमा पुन्हा उभा राहिला होता, टीव्हीच्या मालिका होत्या, आणि त्यांचे जुने सिनेमे बघत वाढलेली पोरं आता दिग्दर्शक झाली होती. त्यांतल्या एकाने, जॅकी चॅनने, ‘एंटर द ड्रॅगन’मध्ये ब्रूस लीच्या हातून मान मोडून घेणाऱ्या पहारेकऱ्याचं काम केलं होतं. १९८० मध्ये त्याने ‘द यंग मास्टर’ केला आणि शेक किन यांना गावचा पोलीस अधिकारी केलं : चिडका, हट्टी, मनाने चांगला, तरण्याताठ्या मुला-मुलीचा बाप. सदुसष्टाव्या वर्षी त्यांचं विनोदाचं अंग लोकांना दिसलं. १९८४ च्या ‘हाँगकाँग १९४१’मध्ये ते नायिकेचे वडील, तांदळाचे व्यापारी झाले. जपान्यांनी हाँगकाँग घेतलं तो काळ त्यांनी स्वतः तरुणपणी पाहिलेला होता. १९८६ मध्ये दिग्दर्शक सामो हुंगने ‘मिलियनेअर्स एक्सप्रेस’मध्ये एका आगगाडीत वाँग फेइ-हुंगच्या वडिलांना बसवलं आणि त्याच गाडीत शेक आडनावाचा एक गुरूही बसवला. ही भूमिका अर्थात शेक किन यांची. दोन आडनावांचं जुनं वैर हाँगकाँगच्या प्रेक्षकाला लगेच कळलं. आपल्या शाळेच्या मास्तरांना वर्गात परत बोलावून पहिल्या बाकावर बसवावं, तसं ते होतं.

शाळेतल्या सगळ्यांच्या वाट्याला इतका वेळ आला नाही. युएन सिउ-तिएन, तेच गर्दीतले सडपातळ नट, १९७८ मध्ये ‘ड्रंकन मास्टर’मधले दारुडे गुरू झाले आणि सहासष्टाव्या वर्षी एकदम गाजले. काही महिन्यांत, जानेवारी १९७९ मध्ये, ते गेले. क्वान ताक-हिंग १९९६ मध्ये गेले. शेक किन ९६ वर्षांचे झाले आणि ३ जून २००९ रोजी हाँगकाँगमध्ये मूत्रपिंडाच्या विकाराने वारले. त्याच आठवड्यात बँकॉकमध्ये डेव्हिड कॅराडीन गेला. त्याची ‘कुंग फू’ ही टीव्ही मालिका अमेरिकेने घरोघरी पाहिली होती, आणि तिच्यातले त्याचे आंधळे गुरू होते की लूक. इंग्रजी जगात साहजिकच कॅराडीनची बातमी मोठी झाली.

वाँग फेइ-हुंगच्या त्या पाऊणशेहून जास्त सिनेमांतले कितीतरी आता कुठेच उरलेले नाहीत. सात दिवसांत काढलेल्या सिनेमाची रिळं कोण जपून ठेवणार? जे वाचले ते हाँगकाँगच्या चित्रपट संग्रहालयासारख्या ठिकाणी आहेत आणि त्यांच्या प्रती ओरखडलेल्या आहेत. मध्येच दृश्य उडी मारतं. रात्रीच्या प्रसंगात कोण कुठे उभं आहे ते कळत नाही. ध्वनिपट्टी खरखरते, संवाद अर्धे खाल्ले जातात. मग शेवट जवळ येतो. अंगण, झग्यातला गुरू, समोर बाह्या सारणारा माणूस. खरखर थोडी मागे पडते. आधी घशातल्या घशात, मग खांदे हलतात, मग मान मागे जाते. हा आवाज किनकाकांचा स्वतःचा आहे.